दादांच्या पेसमेकरची बॅटरी चांगली आहे पण वायर तुटली म्हणायलेत, काय करावं?

सेलूकर

नमस्कार मंडळी, थोडं मोठं लिहायलो पण सगळं सांगितल्याशिवाय कळणार नाही म्हणून.

आमचे दादा म्हणजे वडील, वय ६९, आम्ही परभणी जिल्ह्यातले, सेलूकडचे, घरी सहा एकर, सोयाबीन आणि कापूस. २०१४ ला दादा बांधावर चक्कर येऊन पडले, नाडी ३५ च्या आसपास लागत होती, कंप्लीट हार्ट ब्लॉक निघाला आणि दोन वायरचा पेसमेकर बसवला, डाव्या छातीत हासळीच्या हाडाखाली. त्यानंतर माणूस एकदम ठणठणीत. वखरणी, फवारणी, बाजारहाट सगळं स्वतः. सुरुवातीला दर वर्षी चेकिंगला नेत होतो, मग कोरोनात खंड पडला, नंतर बॅटरी दहा-बारा वर्षं चालते असं डोक्यात बसलेलं म्हणून आम्हीच आळस केला, खोटं कशाला बोलू.

दीड महिन्यापासून दादांना परत चकरा. आधी वाटलं उन्हाचं असंल. गावातल्या डॉक्टरांनी शुगर बघितली, बीपी बघितलं, ईसीजी काढला, सगळं नॉर्मल. मग एका ठिकाणी मानेच्या मणक्याचं आहे म्हणून गळ्याला पट्टा दिला, तो वीस दिवस घातला. शेवटी आईनं ओळखलं. दादा खुंटीवरचा टॉवेल काढायला डावा हात वर करायचे आणि भिंतीला टेकायचे, दोन-तीन सेकंद डोळे नुसते पांढरे, मग परत ठीक. आई म्हणाली, अरे ह्यांचा हात वर गेला की असं होतं, दरवेळेस, मी मोजलंय. तिच्या त्या एका वाक्यावर आम्ही संभाजीनगरला पेसमेकर तपासायला नेलं.

तिथं छातीवर माऊससारखं यंत्र ठेवून कॉम्प्युटरवर बघितलं. बॅटरी अजून वर्षभर जाईल म्हणाले. पण खालच्या कप्प्यातल्या वायरचा इम्पिडन्स, म्हणजे करंटला होणारा अडथळा, हात खाली असताना ६५० आणि हात वर नेला की ३००० ओहमच्या वर. एक्सरे काढला, हासळीच्या हाडाखाली वायर दबून तुटल्यासारखी दिसते म्हणाले. सेटिंग बदलून तात्पुरतं चालू केलंय, पण ॲडमिट व्हा म्हणाले. दादा ऐकेनात. सोयाबीन उभं आहे, काढणी झाली की बघू म्हणून सही करून घरी आले.

डॉक्टरांनी तीन गोष्टी सांगितल्या. जुनी वायर आत तशीच ठेवून शेजारून नवी टाकायची, किंवा जुनी ओढून काढून नवी टाकायची, किंवा बिनवायरचा नवीन पेसमेकर बसवायचा. कोणी यातून गेलंय का? काय निवडावं? आणि काढणीपर्यंत पंधरा-वीस दिवस थांबलं तर चालेल का?

कॅथलॅबवाला

भाऊ, मी लातूरकडचा, चौदा वर्षं झाली कॅथलॅबमध्ये, म्हणजे शिरेतून हृदयात नळ्या-वायरी घालतात त्या खोलीत, टेक्निशियन आहे, डॉक्टर नाही हे आधी सांगतो. पण तुमचा शेवटचा प्रश्न सगळ्यात आधी घेतो कारण बाकीचं सगळं त्याच्यानंतर. थांबू नका. आज रात्रीची गाडी मिळत असंल तर आज निघा. दादांचा कंप्लीट हार्ट ब्लॉक आहे म्हणजे वरच्या कप्प्याचा संदेश खाली पोचतच नाही, खालचा कप्पा त्या एका वायरीवर चालू आहे. ती वायर हात वर केल्यावर सुटते. उद्या ती हात खाली असतानाही सुटली तर मागं उभं राहायला काही नाही. सेटिंग बदललं म्हणजे वायर जोडली असं नाही. त्या वायरीत आत दोन तारा असतात, एक टोकाला जाते एक कडीला, बहुतेक कडीची तार तुटलेली असंल म्हणून त्यांनी ती सोडून टोक आणि डबी, म्हणजे छातीतलं पेसमेकरचं बॅटरीवालं यंत्र, यांच्यात करंट फिरवलाय. ते काही तासांचं, काही दिवसांचं काम आहे, सोयाबीन काढणीपर्यंतचं नाही.

आता हे होतं कसं ते सांगतो, दादांनाही वाचून दाखवा. तुमच्या बोअरच्या स्टार्टरची वायर आतून तुटते, वरून रबर चांगलं दिसतं, हलवलं की मोटार बंद आणि सोडलं की चालू, अगदी तसं. फरक एवढाच की इथं तुटलेली टोकं एकमेकांवर घासून खरखर तयार होते आणि पेसमेकरला वाटतं की हृदयानं स्वतःच ठोका दिला. मग तो गप्प बसतो. त्याचं कामच ते आहे, हृदय चालत असंल तर आपण करंट द्यायचा नाही. पण इथं हृदयानं ठोका दिलेलाच नसतो. ते दोन-तीन सेकंद डोळे पांढरे होणं म्हणजे तेच. आणि ईसीजी काढताना माणूस हात खाली ठेवून शांत पडलेला असतो म्हणून नॉर्मल येतो. तुमच्या आईनं जे बघितलं तेच आम्ही टेबलावर करतो, पेशंटला हात वर करायला लावून, खांदा गोल फिरवायला लावून स्क्रीनवर बघतो.

वायर तिथंच का तुटते तर ती शिरेत जाताना हासळीचं हाड आणि पहिली बरगडी यांच्या चिमट्यातून जाते. हात जितका वर-खाली, तितका तो चिमटा आवळतो. हृदय दिवसाला साधारण एक लाख वेळा ठोका देतं, म्हणजे ११ वर्षांत ४० कोटी वेळा ती वायर आत वाकली आहे, वरून हा चिमटा वेगळा. एक विचारतो, दादा फवारणीचा पंप कोणत्या खांद्यावर जास्त घेतात?

दुसऱ्या वाचणाऱ्यांसाठी पण लिहितो, कारण लोक मला फोनवर हेच विचारतात की बॅटरी किती टक्के राहिली. बॅटरीवर सगळं समजत नाही. वायरीचे तीन आकडे रिपोर्टवर असतात. इम्पिडन्स एकदम वर गेला तर आतली तार तुटली किंवा डबीतला स्क्रू ढिला, एकदम खाली आला तर वरचं सिलिकॉन किंवा पॉलियुरेथेनचं आवरण फाटलं, त्यातून करंट गळतो, बॅटरी लवकर संपते, कधी कधी छातीचा स्नायू टिकटिक उडतो. थ्रेशोल्ड म्हणजे ठोका पडायला कमीत कमी किती व्होल्ट लागतात, तो वाढत गेला तर टोक सरकलं किंवा टोकाशी व्रण धरला. तिसरं सेन्सिंग, म्हणजे हृदयाचा स्वतःचा ठोका पेसमेकरला किती नीट कळतो. प्रत्येक रिपोर्टची झेरॉक्स ठेवा आणि मागच्या आकड्याशी ताडून बघा, एकटा आकडा काही सांगत नाही.

तीन पर्यायांवर उद्या सविस्तर लिहितो, नाईट ड्युटी आहे. पण तुम्ही निघा.

योगेश्वरीची लेक

भाऊ, मी अंबाजोगाईची. आमच्या आईचं वायर तुटलेलं नव्हतं, इन्फेक्शन होतं, पण सांगते कारण तुमच्या दादांची तीच जागा परत उघडणार आहे आणि पहिल्या वेळेपेक्षा दुसऱ्यांदा उघडताना इन्फेक्शनची भीती जास्त असते.

आईची डबी बदलल्यावर चौथ्या-पाचव्या महिन्यात टाक्याच्या कडेला कातडी लाल झाली. दुखत नव्हतं, ताप नव्हता. मग कातडी पातळ होत होत कांद्याच्या पापुद्र्यासारखी झाली आणि खालची डबी निळसर दिसायला लागली. एका डॉक्टरांनी सुईनं पाणी काढलं आणि गोळ्या दिल्या, बरं वाटायचं, गोळ्या संपल्या की परत लाल. असे तीन महिने गेले. एक दिवस आईचा ब्लाउज भिजला, बघते तर एक कोपरा उघडा पडलेला, धातू दिसतोय. मी आयुष्यात विसरणार नाही.

मुंबईला नेलं तेव्हा कळलं की डबीवर किंवा वायरीवर एकदा जंतू बसले की कितीही अँटिबायोटिक द्या ते जात नाहीत, डबी आणि सगळ्या वायरी बाहेर काढाव्याच लागतात, अर्धं ठेवून चालत नाही. आणि त्या फुगीत सुई घालायचीच नसते, बाहेरचे जंतू आत जातात. अन्ननलिकेतून इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, केला, वायरीवर गाठ धरली आहे का बघायला. रक्ताचे कल्चर पाठवले. मग वायरी काढल्या, बाजूच्या खोलीत हार्ट सर्जनची टीम तयार ठेवून, कारण जुनी वायर शिरेच्या आणि हृदयाच्या भिंतीला चिकटून बसते, सोडवताना मोठी शीर फाटली तर मिनिटात छाती उघडावी लागते. आईला काही झालं नाही. पुढं दोन आठवडे मानेतून तात्पुरती वायर आणि मानेलाच पेसमेकर चिकटवलेला, तसंच हॉस्पिटलच्या व्हरांड्यात ती फिरायची. मग उजव्या बाजूला नवीन बसवला.

तर ऑपरेशननंतर जखमेवर हळद, मलम, खोबरेल काही काही लावू नका. लाल, गरम, सूज, पाणी, यातलं काहीही दिसलं तर ज्यांनी बसवलं त्यांच्याकडंच जा, मधे कुठं थांबू नका. आणि दादांना शुगर असंल तर ती आधी आटोक्यात आणा. रक्त पातळ करायची गोळी चालू असंल तर ती स्वतःच्या मनानं बंदही करू नका आणि लपवूही नका, डबीच्या जागी रक्त साकळलं तर तिथंच जंतू धरतात.

कॅथलॅबवाला

ताई, तुम्ही लिहिलं ते आमच्या वॉर्डाच्या भिंतीवर लावावं असं आहे.

आता पर्याय. सेलूकर भाऊ, इन्फेक्शन असतं तर विचारायचं कारणच नव्हतं, काढावीच लागली असती. तुमच्याकडं इन्फेक्शन नाही, वय ६९, वायर ११ वर्षं जुनी. अशा वेळेस बहुतेक डॉक्टर जुनी वायर आत सोडतात, तिच्या तोंडाला टोपी घालून डबीच्या खिशात शिवून टाकतात आणि शेजारून नवी टाकतात. वरच्या कप्प्याची जुनी वायर चांगली असंल तर ती तशीच वापरतात. आणि बॅटरी वर्षाचीच राहिली म्हणता तर डबी पण त्याच वेळेस बदलून घ्या, वर्षभरानं परत तोच खिसा उघडायची वेळ येऊ नये. हे डॉक्टरांना मुद्दाम विचारा.

पण आधी शीर मोकळी आहे का ते बघावं लागतं. डाव्या हाताच्या शिरेतून डाय सोडून फोटो काढतात, व्हेनोग्राम. दोन वायरी वर्षानुवर्षं राहिल्या की बऱ्याच जणांची शीर आतून आकसते किंवा बंद होते, बाहेरून काही कळत नाही कारण आजूबाजूच्या बारक्या शिरा काम उचलतात. मोकळी असंल तर काम सोपं. बंद असंल तर फुग्यानं रुंद करून बघतात, नाहीतर उजव्या बाजूनं नवीन, किंवा चिकटलेली वायर काढून त्याच वाटेनं नवी नेतात. अगदीच वाट नसंल तर छातीला छोटा छेद देऊन हृदयावर बाहेरून वायर शिवतात.

वायर सोडून देण्याचा तोटाही सांगतो. उद्या एमआरआय लागला तर आत सोडलेल्या वायरीमुळं पेसमेकर एमआरआयवाला असूनही त्या अटीत बसत नाही, अडचण येते. शिरेत गर्दी वाढते. पुढं कधी इन्फेक्शन झालं तर दोनाच्या जागी तीन वायरी काढाव्या लागतात आणि त्याही अजून जुन्या झालेल्या. म्हणून पेशंट तिशी-पस्तिशीचा असंल तर काढण्याकडं कल असतो. काढायला वायरीच्या पोकळीत आतून कुलूप लागणारी तार घालतात आणि वरून लेझरची किंवा फिरत्या पात्याची नळी सरकवत चिकटलेलं सोडवतात. रोज ते काम करणाऱ्या हातांकडंच करावं, आणि हार्ट सर्जन हजर पाहिजेच.

नवी वायर कुठं लावणार ते पण विचारा. आता बरेच ठिकाणी डाव्या बंडलच्या भागात, म्हणजे हृदयाच्या स्वतःच्या वायरिंगला धरून लावतात, त्यानं दोन्ही बाजू जवळजवळ एकत्र आकुंचन पावतात. वर्षानुवर्षं फक्त उजव्या खालच्या कप्प्याच्या टोकाला करंट दिल्यानं काही पेशंटचं पंपिंग कमी होतं, दादांचा इको त्या नजरेनं बघून घ्या.

विष्णुपुरी

बिनवायरच्या बद्दल मी सांगू शकतो. आम्ही नांदेडचे, माझ्या मोठ्या भावाला दोन वर्षांपूर्वी हैदराबादला बसवला. तो डायलिसिसवर आहे, एका हातात फिस्टुला, म्हणजे डायलिसिससाठी मुद्दाम जोडलेली शीर, दुसऱ्या बाजूच्या शिरा कॅथेटर घालून घालून बंद झालेल्या, वायर टाकायला जागाच नव्हती आणि इन्फेक्शनची भीती वेगळी. म्हणून डॉक्टरांनी लीडलेस सुचवला. मोठ्या कॅप्सूलएवढा असतो, वजन दोन ग्रॅमच्या आसपास, मांडीच्या शिरेतून नेऊन थेट हृदयाच्या उजव्या खालच्या कप्प्यात अडकवतात. छातीवर ना डबी ना टाका. दुसऱ्या दिवशी तो चालत होता. अमेरिकेत याला २०१६ मध्ये मंजुरी मिळाली, मायक्रा नावाचा, नंतर अव्हेअर म्हणून दुसरा आला आणि २०२३ मध्ये दोन कप्प्यांत दोन कॅप्सूल बसवून एकमेकांशी बोलणारा पण मंजूर झाला.

पण खर्च कित्येक लाखात गेला, शेत गहाण पडलं असतं, भावाच्या सासरकडून हात मिळाला म्हणून निभावलं. आणि आमच्या डॉक्टरांनी साफ सांगितलं होतं की तुमच्या भावाला दुसरी वाट नाही म्हणून हा, ज्याच्या शिरा चांगल्या आहेत त्यानं नुसतं नवीन आहे म्हणून मागं लागू नये. बॅटरी संपली की तो कॅप्सूल सहसा बाहेर काढत नाहीत, शेजारी दुसरा बसवतात. तुमच्या दादांची वरची वायर चालू आहे, ती वाया घालवून एवढा खर्च मला तरी पटत नाही.

सेलूकर

सगळ्यांचे पाय धरावेत असं वाटायलंय. कॅथलॅबवाले दादा, पंप डाव्याच खांद्यावर. उजवा हात दांडा मारायला लागतो म्हणून पट्टा कायम डाव्या बाजूला ओढून घेतात, शर्टाला तिथं घासून घासून भोक पडलंय, मी आत्ता जाऊन बघितलं. आम्हाला मोबाईल डाव्या खिशात ठेवू नका हे सांगितलेलं पाठ होतं, पट्ट्याचं कोणाच्या डोक्यातच आलं नाही.

दादांना सगळं वाचून दाखवलं. ते म्हणतात एकदा छाती उघडली ती बस झाली, दुसऱ्यांदा उघडली की माणूस उठत नाही. आणि पैशाचं पण आहे. सोयाबीनला भाव नाही. जन आरोग्य योजनेत हे बसतं का?

धाराशिवकर

भाऊ, महात्मा फुले जन आरोग्य योजनेत कायमचा पेसमेकर बसवणं आहे, माझ्या चुलत्याचा त्यातच झाला. आता कुटुंबाला वर्षाला ५ लाखांपर्यंत आहे. रेशन कार्ड, आधार आणि जुन्या पेसमेकरचं कार्ड घेऊन योजनेतल्या हॉस्पिटलात आरोग्यमित्राच्या, म्हणजे योजनेचं काम बघणाऱ्या माणसाच्या, टेबलाला जा. नुसती वायर, डबी, का दोन्ही, हे डॉक्टरांनी कसं लिहिलं त्यावर मंजुरीचा कागद जातो, म्हणून ॲडमिट व्हायच्या आधी आरोग्यमित्र आणि डॉक्टर दोघांना एकत्र उभं करून विचारा. आधी पैसे भरून नंतर योजना लावू असं कोणी म्हणालं तर ऐकू नका.

आणि काढणीचं म्हणाल तर भावकीत सांगा, मळणीयंत्रवाल्याला फोन करा. आमच्याकडं चुलता ॲडमिट असताना गावातल्या चार घरांनी मिळून रास केली होती.

कॅथलॅबवाला

दादांना माझं एवढं सांगा. जगात पहिल्यांदा माणसाच्या शरीरात पेसमेकर बसवला तो ८ ऑक्टोबर १९५८ ला स्वीडनमध्ये, आर्ने लार्सन नावाच्या इंजिनिअरला. तो पहिला पेसमेकर काही तासांतच बंद पडला. दुसरा बसवला. असे आयुष्यभरात त्यांना २६ पेसमेकर लागले. २६. आणि ते वारले २००१ ला, वयाच्या ८६ व्या वर्षी, तेही हृदयानं नाही, कातडीच्या कॅन्सरनं. आणि दादांची छाती तेव्हाही उघडली नव्हती. कातडीखालचा खिसा उघडतात फक्त, बहुतेक वेळा जागा बधिर करून, पेशंट आमच्याशी बोलत असतो. परवाच एका आजोबांनी टेबलावर झोपून मला तुरीचा भाव विचारला.

सेलूकर

उशिरा लिहायलो, माफ करा, तीन आठवडे कसे गेले कळलं नाही. त्या २६ आकड्यावर दादा तयार झाले. म्हणाले माझा तर दुसराच आहे. दुसऱ्या दिवशी पहाटे निघालो आणि बरं झालं निघालो, कारण वॉर्डात रात्री कुशीवर वळताना मॉनिटरवर सात सेकंदांची सरळ रेघ आली. सिस्टर पळत आल्या. मांडीतून तात्पुरती वायर टाकून सकाळपर्यंत धरलं.

व्हेनोग्राममध्ये शीर आकसलेली निघाली पण बंद नव्हती, फुगा लागला नाही, नवी वायर शेजारून गेली. यावेळेस शीर जरा बाहेरच्या बाजूला, काखेकडं धरली, म्हणजे तो चिमटा लागू नये. जुनी तुटकी टोपी घालून आतच आहे. डबी पण बदलली. योजनेत बसलं, कागद दोनदा परत आला पण बसलं. नवीन वायरचा इम्पिडन्स ७२०, थ्रेशोल्ड ०.६, कार्ड आणि रिपोर्ट दोन्ही मी लॅमिनेशन करून आणलं.

सोयाबीन भावकीनं काढलं. दादा ओसरीवर बसून पोती मोजायलेत. आता डावा हात अजिबात हलवू देत नाही आम्ही, गळ्यात झोळी करून बांधलाय. किती दिवस ठेवायचा?

कॅथलॅबवाला

झोळी आजच काढा. खांदा आखडून बसला तर ते दुखणं वायरीपेक्षा जास्त रडवतं. नवीन वायरीचं टोक आत धरायला साधारण सहा आठवडे लागतात, तोवर कोपर खांद्याच्या वर न्यायचं नाही, झटका द्यायचा नाही, जड उचलायचं नाही, एवढंच. जेवणं, शर्टाची बटणं, दाढी, सगळं त्या हातानं करू द्या. खुंटीवरचा टॉवेल काही दिवस खालच्या दोरीवर ठेवा. पंपाचा पट्टा त्या बाजूला परत कधीच नाही, सहा आठवड्यांनी पण नाही.

आणि आईंना माझा नमस्कार सांगा. पुढच्या चेकिंगचा इम्पिडन्स इथं लिहा.